डमी कुणाला मांडीवर घेत नाही

(गावच्या व्याख्यानमालेत बोललो ते भाच्यानं मोबाईलवर रेकॉर्ड केलं होतं. ते ऐकून उतरवून काढलंय आणि वाचता येईल इतपत नीट केलंय. मध्ये एकदा माइक गेला होता, तिथलं आठवून लिहिलंय.)

नमस्कार मंडळी. अध्यक्षांनी ओळख करून देताना सांगितलं की हे पुण्याकडं गाड्या तयार करतात. अण्णा, तुमचा मान राखून सांगतो, मी गाड्या फोडतो. गेली बावीस वर्षं तेच करतोय. नवीकोरी गाडी येते, सीटचं प्लास्टिकसुद्धा निघालेलं नसतं, आणि आम्ही ती भिंतीवर नेऊन आपटतो. आई जिवंत असेपर्यंत तिला हे पटलं नाही, ती म्हणायची अरे लोकांना हप्त्यानं घ्यायला परवडत नाही आणि तुम्ही फोडता, त्यापेक्षा एखादी इकडं पाठवून दे की.

आता आपटतो म्हणजे काय करतो ते सांगतो, कारण त्यातच सगळं आहे. एक लांब शेड असतं, जमिनीत मधोमध एक खाच असते आणि त्यातनं वायररोप फिरतो. तो मोटरवर गाडीला ओढत नेतो. गाडीचं इंजिन बंद, पेट्रोल काढून टाकलेलं, टाकीत दुसरं न पेटणारं द्रव भरलेलं, कारण वजन तेवढंच राहिलं पाहिजे. समोर काँक्रीटचा मोठा ठोकळा आणि त्याच्या तोंडाला अ‍ॅल्युमिनियमचं मधमाशीच्या पोळ्यासारखं जाळीदार तुकडं लावलेलं. ते समोरून येणाऱ्या दुसऱ्या गाडीचं नाक समजा. गाडी पूर्ण तोंडानं आपटत नाही, ड्रायव्हरच्या बाजूचा चाळीस टक्के भागच आपटतो, कारण रस्त्यावर समोरासमोर धडक होते तेव्हा शेवटच्या क्षणी दोघंही स्टेअरिंग फिरवतात आणि अर्धं अर्धं तोंड लागतं. वेग ताशी ६४ किलोमीटर. आता तुम्ही म्हणाल ६४ म्हणजे काय, आम्ही तर हायवेला शंभरनं जातो. ६४ नं भिंतीला धडकणं म्हणजे साधारण सोळा मीटरवरून, पाच मजली इमारतीच्या गच्चीवरून, गाडीसकट खाली पडणं. हा हिशेब शाळेतल्या फिजिक्सचा आहे, घरी जाऊन पोरांकडून करून घ्या.

आणि आत बसलेला असतो आमचा डमी, म्हणजे माणसाच्या मापाचा पुतळा.

डमीचे लाड काय असतात ते तुम्हाला माहीत नाही. त्याला एसीच्या खोलीत ठेवतात, १९ ते २२ डिग्रीत, कारण छातीचं रबर गरम झालं की जास्त दबतं आणि रीडिंग चुकतं. अंगात सुती बनियन आणि अर्धी चड्डी. प्रत्येक सांधा इतकाच घट्ट करायचा की हात आडवा धरला तर स्वतःच्या वजनानं जेमतेम टिकला पाहिजे, जरा धक्का लागला की पडला पाहिजे. मग तोंडाला, गुडघ्याला वेगवेगळे ओले रंग लावतात, म्हणजे टेस्टनंतर डॅशबोर्डवर निळा ठिपका दिसला की कळतं गुडघा इथं लागला. एखाद्या नवरदेवाला हळद लावावी तसं दोन पोरं बसून त्याला रंग लावत असतात. त्याला सीटवर बसवायलाच कित्येक तास जातात, कंबरेचा कोन, मांडीचा कोन, डोकं सरळ आहे का, पाठ सीटला टेकलीय का, पाय कुठं आहेत, सगळं मिलिमीटरमध्ये मोजून. हे लक्षात ठेवा, पुढं उपयोगी पडणार आहे.

मग धडक. तुम्हाला वाटेल फार वेळ काहीतरी चालतं, पण सगळा खेळ एका सेकंदाच्या आठव्या हिश्शाचा. पापणी लवून उघडली की संपलं. म्हणून सेकंदाला हजार फोटो काढणारे कॅमेरे लागतात, आणि त्यांना इतका लाइट लागतो की शेडमध्ये उभं राहवत नाही. ते शूटिंग नंतर सावकाश बघायचं. पहिल्या दहा-पंधरा मिलिसेकंदात गाडीच्या पोटातला छोटा कॉम्प्युटर ठरवतो की हा खड्डा नाही, फुटपाथ नाही, ही खरी धडक आहे. तो ठरवतो तेव्हा डमीला अजून काही कळलेलंही नसतं, तो निवांत बसलेला असतो. लगेच बेल्टच्या आत बारूद पेटते, हो, सीट बेल्टमध्ये बारूद असते, आणि बेल्ट मागं खेचला जातो, ढिला राहिलेला सगळा पट्टा आवळला जातो. एअरबॅग उघडायला लागते, चाळिसाव्या मिलिसेकंदाच्या आसपास ती भरलेली असते. तोपर्यंत बोनेट कागदाच्या पंख्यासारखं घड्या पडत चाललेलं असतं आणि ते तसंच पडायला पाहिजे. पडताना जी शक्ती तो पत्रा खातो ती तुमच्या फासळ्यांना खावी लागत नाही. आपल्याकडं अजून लोक बोनेटवर बुक्की मारून बघतात आणि म्हणतात जुन्या गाड्या काय मजबूत होत्या, आता सगळा पत्र्याचा डबा. जुनी गाडी मजबूत होती हे खरं, तिला काही व्हायचं नाही, आतल्या माणसाला व्हायचं. पुढचं तोंड मऊ आणि माणसं बसतात तो पिंजरा टणक, ही आयडिया बेला बॅरेनी नावाच्या मर्सिडीजच्या इंजिनिअरची, १९५० च्या आसपासची, आणि १९५९ मध्ये ती गाडीत आली.

त्याच १९५९ मध्ये व्होल्वोमध्ये निल्स बोलिन नावाच्या माणसानं तीन ठिकाणी बांधलेला बेल्ट आणला, आज तुमच्या गाडीत आहे तोच. हा माणूस आधी साब कंपनीत विमानाच्या इजेक्शन सीट बनवायचा, म्हणजे पायलटला विमानातून बाहेर फेकायचं काम, आणि गाडीच्या कंपनीत आल्यावर माणसाला आत धरून ठेवायचं काम मिळालं. व्होल्वोनं ते पेटंट सगळ्यांना फुकट वापरू दिलं. साठपेक्षा जास्त वर्षं झाली, इतकं संशोधन झालं, रडार आले, कॅमेरे आले, पण आमच्या लॅबमध्ये कुणालाही विचारा की एकच वस्तू ठेवायची तर काय ठेवाल, तर तो पट्टाच सांगतील. तुमच्या स्टेअरिंगवर एसआरएस लिहिलेलं असतं बघा. त्यातल्या पहिल्या एसचा अर्थ सप्लिमेंटल, म्हणजे जोडीची. कुणाच्या जोडीची? बेल्टच्या. बेल्ट नसला तर माणूस पुढं सरकत असतानाच ताशी तीनशेच्या आसपास वेगानं उघडणारी बॅग त्याच्या तोंडावर येते. उशी ऐवजी थोबाडीत.

आता प्रश्न असा की किती मार बसला तर माणूस मरतो, हे कसं ठरवलं? हा भाग मला फार आवडतो, जरा थांबतो इथं. अमेरिकेच्या एअर फोर्समध्ये जॉन पॉल स्टॅप नावाचा डॉक्टर होता. तो रॉकेट लावलेल्या घसरगाडीवर स्वतः बसायचा. १० डिसेंबर १९५४ ला न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात तो ताशी हजार किलोमीटरच्या वर गेला आणि जेमतेम सव्वा-दीड सेकंदात थांबला. स्वतःच्या वजनाच्या ४६ पट ओढ त्यानं सोसली. डोळ्यांतल्या रक्तवाहिन्या फुटल्या, काही काळ दिसेनासं झालं, पण जगला, आणि पुढं चांगला म्हातारा होऊन गेला. त्याच्या लक्षात आलं की एअर फोर्सची माणसं विमानापेक्षा मोटारीत जास्त मरतायत, आणि मग त्यानं बाकीचं आयुष्य बेल्टच्या मागं घालवलं. तिकडं डेट्रॉईटला वेन स्टेट विद्यापीठात देहदान केलेल्या लोकांच्या शरीरावर प्रयोग झाले, कवटी किती जोरात आदळली तर तडकते वगैरे. ऐकायला कसंतरी वाटतं. पण आज डमीच्या डोक्यातला सेन्सर जो आकडा देतो आणि आपण म्हणतो पास किंवा नापास, तो आकडा तिथून आलाय. आपल्याकडं देहदानाचा फॉर्म भरणारे लोक आहेत, या हॉलमध्येही असतील, त्यांना सांगतो, असाही उपयोग होतो.

त्या सगळ्यातनं १९७६ मध्ये जनरल मोटर्सनं हायब्रिड थ्री नावाचा डमी काढला, आणि तो अजून नोकरीत आहे. उंची १७५ सेंटिमीटर, वजन ७८ किलो. सत्तरच्या दशकातला सरासरी अमेरिकन पुरुष. म्हणजे पन्नास वर्षं झाली तरी जगातल्या बऱ्याच गाड्या या एका गृहस्थाच्या मापानं शिवल्या जातात. बायकांसाठी काय? त्याच पुरुषाला लहान करून एक छोटा डमी काढला, १५२ सेंटिमीटरचा. तो सर्वांत बुटक्या पाच टक्के अमेरिकन बायकांचा प्रतिनिधी. आता गंमत बघा, आपल्या देशातल्या बाईची सरासरी उंची किती? साधारण १५२ सेंटिमीटर. तिथली कोपऱ्यातली, ती आपल्याकडची मधली. आणि ही बाई सीट पुढं ओढून स्टेअरिंगला चिकटून बसते, कारण पाय पोचत नाही. एअरबॅगला आणि छातीला एक वीतभर तरी अंतर पाहिजे, २५ सेंटिमीटर म्हणतात, ते राहत नाही.

व्हर्जिनिया विद्यापीठानं २०११ मध्ये अमेरिकेतल्या अपघातांचा अभ्यास केला तेव्हा दिसलं की बेल्ट लावलेल्या बाईला बेल्ट लावलेल्या पुरुषापेक्षा गंभीर इजा होण्याची शक्यता ४७ टक्क्यांनी जास्त. मान वेगळी, कंबर वेगळी, बसण्याची पद्धत वेगळी. स्वीडनमध्ये अ‍ॅस्ट्रिड लिंडर नावाच्या संशोधक बाईंनी २०२२ मध्ये पहिल्यांदा सरासरी बाईचा डमी दाखवला, १६२ सेंटिमीटर, ६२ किलो, मागून धडक बसल्यावर मानेचं काय होतं ते बघायला. आपल्याकडं गाड्या आपटून त्यांना स्टार देणारं भारत एनकॅप आहे, त्याच्या समोरच्या धडकेच्या टेस्टमध्ये आत्तापर्यंत पुढच्या दोन्ही सीटवर तेच ७८ किलोचे गृहस्थ बसलेत. मागं दोन मुलं असतात, दीड वर्षाचं आणि तीन वर्षांचं, दोघंही चाइल्ड सीटमध्ये बांधलेली.

तर आता येतो मुद्द्यावर. गेल्या मे महिन्यात मी कुटुंबाला घेऊन कोकणात निघालो होतो आणि खंबाटकीच्या अलीकडं चहाला थांबलो. शेजारी एक गाडी लागली, फाइव्ह स्टारवाली, मी ओळखतो ना. आतनं माणसं उतरायला लागली. पुढं नवरा बायको, बायकोच्या मांडीवर सात-आठ महिन्यांचं बाळ. मागं आजी, मांडी घालून, चप्पल खाली. आजोबा दरवाजाला टेकून. मधे एक शाळेतलं पोरगं जे दोन सीटच्या फटीतनं पुढं उभं राहिलेलं. डॅशबोर्डवर डबल टेपनं चिकटवलेला पितळी गणपती, बरोबर एअरबॅगच्या झाकणावर. सीटला जाड रेक्झिनचं कव्हर, बाहेरनं शिवून घेतलेलं. मागच्या काचेपाशी लोणच्याची बरणी. मी चहा घेत नुसता बघत बसलो. बायको म्हणाली लोकांकडं असं टक लावून बघू नका. पण माझ्या डोक्यात तो डमी, ज्याचा मांडीचा कोन आम्ही चार वेळा मोजतो. आम्ही पाच स्टार देतो ते त्या गाडीला आणि त्या डमीला. या कुटुंबाची टेस्ट कुणी केलेलीच नाही.

एकेक घ्या. बाळ दहा किलोचं समजा. गाडी पन्नासच्या वेगात अडकली आणि साठ सेंटिमीटर चेपून थांबली, तर सरासरीनंच सोळा पट ओढ येते. म्हणजे ते बाळ त्या क्षणाला १६० किलोचं होतं, तीन सिमेंटच्या पोत्यांपेक्षा जास्त, आणि मधेच त्याच्या दुप्पटही होतं. कुठल्याही आईचे हात ते धरू शकत नाहीत, प्रेम कितीही असू दे. वर आईनं बेल्ट लावलेला नसेल तर बाळ आई आणि डॅशबोर्डच्या मधे. आणि कुणी कुणी हुशारी करून एकच बेल्ट दोघांवरून घेतात, ते तर सगळ्यात वाईट, कारण आईचं सगळं वजन त्या पट्ट्यातनं बाळावर येतं.

आजी मांडी घालून बसलीय. बेल्टचा खालचा पट्टा कंबरेच्या दोन्ही बाजूंच्या हाडांवर बसला पाहिजे, तिथं हाड मजबूत असतं. मांडी घातली की कंबर मागं कलते, पट्टा हाडावरून सटकून पोटावर चढतो आणि माणूस पट्ट्याखालनं पुढं घसरतो, आमच्यात त्याला सबमरीनिंग म्हणतात, पाणबुडीसारखं खाली जाणं. पोटात हाड नाही, आतडी आहेत, लिव्हर आहे. सीट मागं पाडून झोपणाऱ्यांचंही तेच. आता हे डमीवर बघणं अवघड, त्याला मांडी घालता येत नाही, कंबरेचा सांधाच तसा नाही. पण नवीन काय झालंय, टोयोटानं २००० मध्ये कॉम्प्युटरमधला माणूस तयार केला, थम्स नाव त्याचं, आज हाडं, स्नायू, आतले अवयव सगळं असलेला, आणि २०२१ पासून तो सगळ्यांना फुकट दिलाय. त्याला कसाही बसवता येतो. एकेक धडक कॉम्प्युटरवर चालवायला रात्र रात्र जाते, पण गाडी फुटत नाही. माझी फार इच्छा आहे की रिटायर होण्याआधी एक मांडी घातलेली आजी त्यात बसवून जावी. साहेबांना दोनदा सांगून झालंय, ते हसतात.

सीट कव्हर. साइड एअरबॅग बऱ्याच गाड्यांत सीटच्या कडेत असते आणि मूळ कव्हरला तिथं मुद्दाम कच्ची शिलाई असते की बॅग फाडून बाहेर येईल. वरनं तुम्ही दुहेरी दोऱ्यानं रेक्झिन शिवून घेतलं. पैसे देऊन बॅग शिवून टाकली. पुढं लोखंडी गार्ड बसवला असेल, बुल बार, त्याच्यावर २०१७ पासून केंद्राची बंदी आहे. तो थेट चेसिसला बोल्ट केलेला असतो, त्यामुळं घड्या पडायच्या आधीच धक्का आत जातो, सेन्सरचा टायमिंगचा हिशेब बिघडतो, आणि पायी चालणारा समोर आला तर विचारायलाच नको.

आणि क्लिप! बेल्टच्या बक्कलमध्ये खुपसायची ती नुसती क्लिप, पीं पीं बंद करायला. आम्ही तो आवाज किती मोठा असावा, किती वेळ वाजावा यावर मीटिंगा घेतो, आणि बाजारात शंभर दीडशे रुपयात त्याच्यावर औषध. २०२३ मध्ये केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं ऑनलाइन विकणाऱ्या पाच मोठ्या कंपन्यांना त्या काढायला लावल्या, तेव्हा १३,११८ लिस्टिंग उतरवल्या गेल्या. तेरा हजार! माझ्या सख्ख्या मेव्हण्याच्या गाडीत आहे, त्यावर देवीचं चित्र आहे.

मागच्या सीटवाल्यांसाठी एकच सांगतो. सप्टेंबर २०२२ मध्ये पालघर जिल्ह्यात चारोटीजवळच्या पुलावर सायरस मिस्त्रींची गाडी धडकली. गाडी भारीतली होती. पुढचे दोघं जबर जखमी झाले पण वाचले. मागचे दोघं गेले, आणि पोलिसांनी सांगितलं की त्यांचे बेल्ट लावलेले नव्हते. सरकारच्या २०२२ च्या अहवालात बेल्ट न लावता गेलेले १६,७१५ लोक आहेत, त्यातले ८,३३१ ड्रायव्हर नव्हते, शेजारी किंवा मागं बसलेले होते. जवळजवळ निम्मे. आपल्याकडं समज असा की बेल्ट पोलिसांसाठी असतो, आणि पोलीस पुढं बघतो.

आता थोडं सरकारी, पटकन उरकतो. २०१४ च्या जानेवारीत ग्लोबल एनकॅपनं आपल्याकडच्या पाच खपाऊ छोट्या गाड्या आपटल्या, एअरबॅग नसलेली साधी मॉडेल, आणि पाचही शून्य स्टार. खूप ओरड झाली, काही लोक म्हणाले की ६४ चा वेग आपल्याकडं कशाला, कायद्यात ५६ पुरे. हे ५६ आणि ६४ ऐकायला जवळ वाटतं पण वेगाचा वर्ग होतो, त्यामुळं ६४ ला शक्ती तीस टक्के जास्त. मग ५६ च्या धडकेची सक्ती २०१७ पासून नव्या मॉडेलना आणि २०१९ पासून सगळ्यांना आली, ड्रायव्हरची एअरबॅग २०१९ पासून आली. डिसेंबर २०१८ मध्ये नेक्सॉनला पाच स्टार मिळाले, भारतात बनलेली पहिली, आणि ती आपल्या रांजणगावात बनते, हे सांगताना मला उगाचच छाती फुगल्यासारखं होतं, माझा त्यात काही हात नाही. ऑक्टोबर २०२३ पासून आपलं स्वतःचं भारत एनकॅप सुरू झालं. ते ऐच्छिक आहे. पण आता गिऱ्हाईक शोरूममध्ये अ‍ॅव्हरेजच्या आधी स्टार विचारतं, दहा वर्षांपूर्वी मी हे कुणी सांगितलं असतं तर हसलो असतो. गाड्या तपासणारी एआरएआय ही संस्था पुण्यात १९६६ पासून आहे, वेताळ टेकडीवर, शेजारनं रोज माणसं फिरायला जातात आणि आत काय चालतं ते कुणाला माहीत नसतं.

आता आपल्या भागाचं बोलतो, हे बोलायलाच मी आलोय खरं तर. नोव्हेंबर ते मार्च. ऊस. एका ट्रॅक्टरला दोन ट्रॉल्या, ऊस दोन्ही बाजूंनी बाहेर आलेला, मागं लाइट नाही, रिफ्लेक्टर असला तर चिखलानं माखलेला नाहीतर पाचटानं झाकलेला, आणि कधी कधी पंक्चर होऊन तशीच रस्त्यात सोडलेली, मागं चार दगड लावून. रात्री साडेदहाला तुम्ही फाइव्ह स्टार गाडी घेऊन ऐंशीनं येताय. माझा लॅबमधला ठोकळा बंपरच्या उंचीला असतो. गाडीतले सगळे लोखंडी बीम, ज्यांच्या घड्या पडणार, ते जमिनीपासून गुडघ्याच्या उंचीवर असतात. ट्रॉलीचा सांगाडा त्याच्या वर. म्हणजे बोनेट सरळ ट्रॉलीखाली जातं, घड्या पडतच नाहीत, सेन्सरला पण कधी उशिरा कळतं, आणि पहिली धडक बसते ती काचेला, आणि काचेमागं माणसाचं डोकं. तिथं स्टार संपले. ट्रकला मागं आडवी दांडी लावायचा नियम आहे, ती अंडररन, म्हणजे गाडी खाली घुसणं, रोखायलाच असते, बघा तुम्ही पुढच्या वेळी, किती ट्रकची ती वाकलेली, गंजलेली, नाहीतर दोरीनं बांधलेली असते. उसाच्या ट्रॉलीला तीही नसते.

माझा चुलत भाऊ २००९ मध्ये असाच गेला, इथून बारा किलोमीटरवर. तेव्हा मी याच नोकरीत होतो. गाडी मी बघायला गेलो होतो, बोनेटच्या खालचं सगळं जवळजवळ कोरं होतं. मी ते फोटो कधी कुणाला दाखवले नाहीत. पण आपण करोडो रुपयांची लॅब बांधतो आणि अठरा रुपयाची लाल चकाकणारी पट्टी कारखान्याच्या गेटवर लावून घेत नाही, हे मला तेव्हापासून झेपत नाही. इथं कारखान्याचे संचालक बसलेत म्हणून मुद्दाम बोलतोय. गव्हाणीत ऊस घ्यायच्या आधी वजन होतं ना, तसं मागची लाल पट्टी बघायची, नसेल तर काटा करायचा नाही.

मग कुणी म्हणेल आता अ‍ॅडास आलंय, गाडी स्वतःच ब्रेक मारते. येतंय, चांगलं आहे. रडार ७७ गिगाहर्ट्झवर चालतो, अंधारात, धुक्यात त्याला दिसतं, वेग बरोबर कळतो. पण हळू चाललेलं किंवा थांबलेलं काही दिसलं की ते वाहन आहे, पुलाचा कठडा आहे की रस्त्याकडेचा बोर्ड, हे ठरवणं त्याला जड जातं, म्हणून कॅमेरा जोडीला. आणि कॅमेरा जे शिकला तेच ओळखतो. परदेशात शिकलेल्या कॅमेऱ्याला रिक्षा म्हणजे काय माहीत नसतं. हैदराबादच्या ट्रिपल आयटीनं २०१८ मध्ये आपल्या रस्त्यांचे दहा हजार फोटो रंगवून, म्हणजे यात रस्ता कुठला, माणूस कुठला, जनावर कुठलं, असं ३४ प्रकारांत खुणा करून खुले केले, त्यात ऑटोरिक्षा असा वेगळा प्रकारच आहे. मला ते बघून फार आनंद झाला होता. पण ट्रॉलीतनं चार हात मागं लोंबणारा ऊस? मागून तो कॅमेऱ्याला वाहन वाटतच नाही, झाड वाटेल. त्याला ना कडा, ना दिवे, ना नंबर प्लेट. म्हणून ती अठरा रुपयाची पट्टी अ‍ॅडासवाल्या गाडीलाही उपयोगाची आहे.

आणि हो, हे सगळं चारचाकीवाल्यांचं झालं. २०२२ मध्ये देशात रस्त्यावर १,६८,४९१ माणसं गेली, त्यातली ४४ टक्क्यांहून जास्त दुचाकीवर होती. त्यांच्याभोवती पिंजरा नाही, घडी पडायला बोनेट नाही. तिथं आमचं शास्त्र तोकडं पडतं, घसरू न देणं एवढंच हातात. १२५ सीसीच्या वरच्या गाड्यांना २०१९ पासून एबीएस, म्हणजे ब्रेक दाबला तरी चाक अडकू न देणारी यंत्रणा, सक्तीचं झालं आणि हे काम मी पाच स्टारपेक्षा मोठं मानतो. आपल्याकडची बहुतेक स्कूटर मात्र १२५ च्या आतली.

प्रश्न घेतो दोन-तीन. मागं कुणीतरी चिठ्ठी पाठवलीय, इलेक्ट्रिक गाडी धडकली तर करंट लागतो का. धडक कळली की कॉम्प्युटर बॅटरीचा कनेक्शन तोडतो, आणि टेस्टनंतर आम्ही मीटर लावून बघतो की बॉडीत करंट उतरलाय का, तोपर्यंत कुणी हात लावत नाही. २०२२ मध्ये स्कूटरी पेटल्या त्या बहुतेक उभ्या उभ्या किंवा चार्जिंगला पेटल्या, तो बॅटरीचा वेगळा विषय, त्यानंतर नियम कडक झालेत.

दुसरं, गाडीची पूजा करतो, गणपती कुठं ठेवायचा. काका, ठेवा की. डॅशबोर्डवर उजवीकडं कोपऱ्यात, किंवा आरशाच्या खाली छोटा चिकटवा, पितळी नको, हलका घ्या. एअरबॅग लिहिलेल्या जागेवर मात्र काहीच नको, देवसुद्धा नको, तो तिथनं तुमच्याच कपाळात बसेल.

आणि पुढच्या रांगेतल्या मावशींनी विचारलं की साडीवर, त्यातनं नऊवारीवर, बेल्ट कसा लावायचा, पोटावर टोचतो. मावशी, हा आजचा सर्वांत चांगला प्रश्न आहे. पाठ सीटला टेकवायची. पाय खाली सोडायचे. निऱ्या जिथं खोचलेल्या असतात तो गोळा आणि पोट वर राहू द्यायचं, आणि खालचा पट्टा त्याच्या खालनं, मांडीच्या मुळाशी, हाडावर घ्यायचा, मग पट्टा वर ओढून घट्ट करायचा. वरचा पट्टा खांद्याच्या मधून, गळ्याला घासत असेल तर खांबावरची चिमटी खाली सरकवा. पदर पट्ट्याच्या आत घ्यायचा, बाहेर नको. पोटुशी बाई असेल तरी असंच, पट्टा पोटाच्या खालून. बाहेर पिंपळाखाली माझी गाडी उभी आहे, कार्यक्रम संपला की या, मागच्या सीटवर बसून दाखवतो, चप्पल तेवढी घालून बसा.